३६० वर सा : व्हिडिओ गेमच्या डब्यातला यमन (प्रकल्प नोंदी)

३ नोव्हेंबर २०२४, सांगली

भाऊबीज. दादाने ताटात पाकीट ठेवलं आणि मागून जुन्या चादरीत गुंडाळलेला खोका पुढे सरकवला. "हे घे, दोन वर्षं मागे लागली होतीस." आमचा टीव्हीला लावायचा व्हिडिओ गेम. दोन रिमोट, एक बंदूक, तीन कॅसेटी. कॅसेटींचे पितळी दाते आमच्या फुंकरांनी काळे पडलेत.

मला तो खेळायचा नाही. त्यातून गाणं काढायचंय, तेही आपलं : यमन राग.

रात्री सगळे झोपल्यावर मागचे स्क्रू काढले. धाकधूक होती, कारण नंतरच्या स्वस्त खोक्यांत सगळं सर्किट एका काळ्या डांबरी ठिपक्याखाली दडलेलं असतं आणि त्याला हात लावता येत नाही. पण आत ४० पायांच्या दोन स्वतंत्र चिपा निघाल्या : यूए६५२७पी आणि यूए६५३८. तैवानच्या यूएमसी कंपनीच्या. पहिली चिप प्रोसेसर आणि आवाज दोन्ही सांभाळते, दुसरी चित्र. जपानमध्ये निन्टेन्डोने जुलै १९८३ मध्ये फॅमिकॉम आणला, त्याची ही नक्कल. आपल्याकडे ९० च्या दशकात जे खोके मिळायचे त्यांतले बहुतेक याच जातीचे.

९ नोव्हेंबर, पुणे

तपकीर गल्लीत सकाळ गेली. कपॅसिटर, दोन आरसीए सॉकेट, पातळ शिल्डेड वायर. ६० पिनांची, एसडी कार्ड घालता येणारी कॅसेट आधीच मागवून ठेवली होती, ती या खोक्यावर चालते हे आज कळलं. हा मोठा अडसर दूर झाला.

या चिपेत पाच आवाज आहेत. दोन चौकोनी लाटा, एक त्रिकोणी, एक गोंगाट, आणि पाचवा रेकॉर्ड केलेले छोटे तुकडे वाजवणारा. चौकोनी दोघे चिपेच्या पाय क्रमांक १ वरून बाहेर पडतात, उरलेले तिघे पाय क्रमांक २ वरून. म्हणजे टीव्हीपर्यंत जाण्याआधीच, बोर्डवर, ते दोन वाटांनी येतात. दोन्ही पायांवरून कपॅसिटरमार्गे वायर काढून दोन सॉकेटांना जोडली. डाव्या स्पीकरला तानपुरा, उजव्याला गायकी आणि तबला. मैफलीत बसल्यासारखं.

१६ नोव्हेंबर

आजची नोंद लांबणार.

गेम बॉयवर (निन्टेन्डोचा हातात धरायचा गेम) किंवा फॅमिकॉमवर संगीत करणारे लोक बहुतेक ट्रॅकर किंवा तसलंच सॉफ्टवेअर वापरतात, ज्यात सूर तक्त्यात ओळीने भरायचे. हॅम्बर्गच्या ओलिव्हर विटखोवने गेम बॉयसाठी नॅनोलूप केलं, स्वीडनच्या योहान कोटलिन्स्कीने एलएसडीजे. फॅमिकॉमच्या चिपेसाठी फॅमिट्रॅकर आहे. मी आठवडाभर फॅमिट्रॅकरवर घालवला. उत्तम साधन आहे, पण त्याचा स्वरतक्ता पियानोचा, म्हणजे टेम्पर्ड, सप्तकाचे बारा सारखे भाग केलेला. यमनचा गंधार लावला की कान आक्रसतात. टेम्पर्ड गंधार शुद्ध गंधारापेक्षा सुमारे १४ सेंट चढा असतो. एका अर्ध्या सुराचे १०० सेंट धरले तर हे थोडं वाटतं, पण तानपुऱ्यासमोर बसून बघा.

म्हणून चिपेशी थेट बोलायचं ठरवलं, ६५०२ या तिच्या प्रोसेसरच्या असेंब्ली भाषेत, सीए६५ हा असेंब्लर वापरून. आणि तिथे जे सापडलं त्याने दुपारचं जेवण राहिलं.

या चिपेला कंपनसंख्या माहीतच नाही. तिला एक पूर्णांक द्यायचा. ती तिच्या घड्याळाचे तेवढे ठोके मोजते आणि लाट एक पायरी पुढे ढकलते. माझ्या खोक्याचं घड्याळ सेकंदाला १७,७३,४४८ ठोके देतं. त्याला १६ ने भागा, मग त्या पूर्णांकाने भागा, की चौकोनी लाटेची कंपनसंख्या मिळते. आकडा मोठा तर सूर खाली, आकडा अर्धा तर सूर एक सप्तक वर.

म्हणजे हा आकडा तारेची लांबी आहे!

संगीत विशारदची परीक्षा दिलेल्या प्रत्येकाने ही ३६ इंचांची तार पाठ केलीय. मोकळी तार ३६ इंच, तिच्यावर सा. ३२ वर रिषभ, २७ वर मध्यम, २४ वर पंचम, १८ वर तार सा. श्रीनिवास पंडितांच्या वीणेवरची स्वरस्थानं म्हणून आम्ही ती घोकली, पेपरात लिहिली आणि विसरलो. मी इंचाचे १० भाग केले आणि चिपेत सा ला ३६० दिले. रे ३२०. शुद्ध ग, ५/४ धरून, २८८. तीव्र म, ४५/३२ धरून, २५६. प २४०. ध २१६. नी १९२. वरचा सा १८०.

यमनचे सगळे सूर पूर्णांकात. एकालाही अपूर्णांक नाही, कुणालाही ढकलावं लागलं नाही. टेम्पर्ड गंधार याच मोजणीत २८५.७ वर येतो, तो या चिपेला नेमका देताच येत नाही. शुद्ध गंधार मात्र २८८ वर अगदी नेमका बसतो.

सा ची कंपनसंख्या आली ३०७.९ हर्ट्झ, म्हणजे काळी दोनच्या १८ सेंट खाली. ती चिपेची स्वतःची पट्टी. असू दे.

२० नोव्हेंबर

तानपुरा बांधतेय. मंद्र पंचम, जोडीचे दोन सा, खर्ज (एक सप्तक खालचा सा). दोनच चौकोनी आवाज आहेत, म्हणून चार तारा आळीपाळीने : पंचम पहिल्यावर, सा दुसऱ्यावर, सा पुन्हा पहिल्यावर, खर्ज दुसऱ्यावर. एक तार पुढच्या छेडीपर्यंत तरी गुंजते. पुरुषी पट्टीसाठी सगळे आकडे दुप्पट केले. सा ७२०, पंचम ९६०, खर्ज १४४०.

जोडीच्या तारांपैकी एक ७२० वर आणि दुसरी मुद्दाम ७२१ वर ठेवली. दोघींत एक सावकाश लाट तयार होते, साधारण पावणेपाच सेकंदांना एक. ऐकून अंगावर काटा आला. ज्याने दोन तारा जुळवताना शेवटच्या क्षणी ती लाट लांबत जाताना ऐकलीय त्याला कळेल.

पण खर्ज वाजेना. पंचम, सा, सा, आणि मग शांतता. तीन संध्याकाळी यात गेल्या. वायर तपासली, आकडे तपासले, चिप मेलीय असं वाटून रडवेली झाले. कारण भलतंच निघालं. प्रत्येक चौकोनी आवाजाला सूर आपोआप घसरवणारा एक भाग जोडलेला आहे. तो बंद असला तरी पुढचा आकडा काय येईल ते मोजत राहतो, आणि ते उत्तर २०४७ च्या पुढे गेलं की आवाजच तोडतो. तो मोजतो दुप्पट. पंचमाचे ९५९ (चिप शून्यापासून मोजते, म्हणून एक कमी) दुप्पट होऊन १९१८, म्हणून तो सुटला. खर्जाचे १४३९ दुप्पट होऊन हद्दीबाहेर. उपाय एका ओळीचा : त्या भागाला घसरण उलट दिशेने सांगायची, चिपेच्या ४००१ आणि ४००५ या रजिस्टरांत (आकडे लिहायच्या कप्प्यांत) ८. खर्ज आला. ७७ हर्ट्झ. टेबलावरचं स्टीलचं भांडं थरथरलं.

२४ नोव्हेंबर

तानपुरा मोठ्या आवाजात लावला आणि काहीतरी बोचायला लागलं. आकडे बरोबर, तरी राग यमन वाटेना. हेडफोन लावून खाली खाली ऐकत गेले तेव्हा सापडलं : १०० हर्ट्झची गुणगुण. आपली वीज ५० हर्ट्झची, ॲडॉप्टरमध्ये ती पलटून १०० होते आणि म्हातारा कपॅसिटर ती गाळू शकत नाही. माझ्या पट्टीत मंद्रातला शुद्ध मध्यम १०२.६ हर्ट्झवर आहे. म्हणजे यमनमध्ये जो सूर लागताच कामा नये, त्याच्या जरा खालचा एक बेसूर मध्यम सतत पाठीमागे उभा होता.

नवा कपॅसिटर, नवा ७८०५ (व्होल्टेज स्थिर ठेवणारी चिप). मध्यम गेला, यमन आला.

१ डिसेंबर

थोडक्यात. चौकोनी लाटेचा उंच भाग किती रुंद ठेवायचा याचे चार पर्याय असतात : १२.५ टक्के, २५, ५०, ७५. निम्मी रुंदी असेल तर आवाज पोकळ, कारण सम हार्मोनिक्स (मूळ सुराच्या दुप्पट, चौपट असे वरचे सूर) गायब होतात. बारीक असेल तर किणकिणता. कॉम्प्युटरवरच्या इम्युलेटरमध्ये (खोक्याची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅममध्ये) छान लागलेला २५ टक्क्यांचा आवाज खऱ्या खोक्यावर पोकळ येत होता. या नकलांमध्ये २५ आणि ५० यांची अदलाबदल झालेली असते, मूळ जपानी चिपेपेक्षा उलट. चूक म्हणा, पण लाखो मुलांनी ते गेम याच आवाजात ऐकले, मीही. मेसेन या इम्युलेटरमध्ये ही अदलाबदल चालू करण्याची सोय आहे, ती चालू केली आणि तक्ता बदलला.

८ डिसेंबर

मींड.

गंधारावरून तीव्र मध्यमावर सरकायचं. २८८ पासून २५६ पर्यंत एकेक आकडा खाली उतरत जायचं. मध्ये ३२ पायऱ्या, प्रत्येक पायरी ६ ते ७ सेंटची, कानाला पायरी म्हणून कळत नाही. चित्राचा प्रत्येक फ्रेम सेकंदाच्या ५० व्या भागाचा, फ्रेमला एक पायरी उतरले तर ०.६४ सेकंदाची मींड. कागदावर सुंदर.

वाजवली. सूर सरकत गेला, गेला, आणि अगदी मध्यमाला टेकताना टक्. प्रत्येक वेळी. मध्यमावर थोडा हेलकावा दिला तर टक् टक् टक्.

कारण असं. आकडा दोन तुकड्यांत लिहावा लागतो, खालचे आठ बिट एकीकडे आणि वरचे तीन दुसरीकडे. चौकोनी आवाजाचा वरचा तुकडा लिहिला की लाट मुळापासून पुन्हा सुरू होते, आणि तो धक्का ऐकू येतो. वरचा तुकडा बदलायची हद्द आहे २५५ आणि २५६ च्या मध्ये. माझा तीव्र मध्यम, एक वजा करून, नेमका २५५. जिथे यमनचा जीव, तिथेच दाराचा उंबरठा.

घसरवणाऱ्या भागाला मध्ये घालून हा धक्का चुकवायची एक युक्ती जाणकार वापरतात. मी ती करून पाहिली, चालते. पण त्याआधी त्रिकोणी आवाज ऐकला आणि बेत बदलला. त्रिकोणी लाटेला हा नियम लागूच नाही, तिचा वरचा तुकडा लिहिला तरी ती जिथे आहे तिथूनच पुढे जाते. शिवाय ती एक सप्तक खाली बोलते, म्हणून तिच्यासाठी ३६० म्हणजेच १५३.९ हर्ट्झ, तानपुऱ्याच्या सा शी मिळणारा. आवाज पाव्यासारखा गोल, त्यात थोडी खरखर. गायकी आता त्रिकोणाकडे.

नि रे ग, मग ग वरून म॑ वर, परत ग, रे, सा. आठ वेळा ऐकलं. एकदाही टक् नाही.

१५ डिसेंबर

त्रिकोणी आवाजाला लहानमोठं होता येत नाही. चालू किंवा बंद. आलापात सूर विरत जायला हवा, हा तर सुरीने कापल्यासारखा थांबतो.

इथे चिपेचा एक दोष कामी आला. त्रिकोण, गोंगाट आणि तुकडे वाजवणारा पाचवा आवाज एकाच पायावर एकत्र होतात, पण साध्या बेरजेने नाही. पाचव्याची पातळी जितकी वर, तितके बाकीचे दोघे दबतात. पाचव्याला काहीही वाजवायला न लावता फक्त त्याची पातळी ० पासून १२७ पर्यंत नेली तर त्रिकोण ४३ टक्क्यांवर येतो. एकदम नेली तर ठप्प आवाज होतो, फ्रेमला दोन-दोन पावलं चढवली तर पत्ता लागत नाही. पूर्ण शांतता मिळत नाही, पण सूर मागे सरतो, श्वास संपल्यासारखा.

यंत्राला मी एक फुंकर शिकवली असं वाटलं आज.

२२ डिसेंबर

तबला. ऑफिसमधला एक मित्र शिकतो, त्याच्याकडून धा, धिं, तिं, ता रेकॉर्ड करून आणले. पाचवा आवाज एकेका बिटाचा : १ आला की पातळी दोनने वर, ० आला की दोनने खाली. सर्वांत जलद वेगाने सेकंदाला सुमारे ३३ हजार बिट, आणि एका तुकड्याची कमाल लांबी ४,०८१ बाइट, म्हणजे एक सेकंदसुद्धा नाही. डग्ग्याची घुमारी कापावी लागते, वाईट वाटतं. चाट मात्र झकास येते.

तीनताल, मात्रेला ३० फ्रेम, मिनिटाला १०० मात्रा. चालू केलं आणि त्रिकोणाची गत बिघडली. धा वाजला की सूर दबायचा, ता वाजला की पुढे यायचा. गेल्या आठवड्यातली युक्ती उलटून अंगावर आली. प्रत्येक बोल संपताना पाचव्याची पातळी कुठेतरी वेगळीच सोडून जातो.

उपाय : प्रत्येक बोलात १ आणि ० समसमान. बोल जिथून सुरू झाला तिथेच संपला पाहिजे. एक छोटा प्रोग्रॅम लिहिला जो तुकड्याच्या शेवटच्या भागात बिटं पालटून हिशेब जुळवतो. आता समेवर येताना सूर हलत नाही.

२८ डिसेंबर, मिरज

बाबांना भेटायला सांगलीला आले होते, खोका पिशवीत घालून मिरजेला गेले. सतारमेकर गल्ली. १९ व्या शतकाच्या मध्यात फरीदसाहेबांनी इथे तंतुवाद्यं घडवायला सुरुवात केली, तेव्हापासून तानपुऱ्याचं नाव घेतलं की मिरज. याच सांगली-मिरजेत शंभराहून अधिक वर्षांपूर्वी माझ्यासारखंच आकड्यांचं वेड घेतलेले एक गृहस्थ होते : कृष्णाजी बल्लाळ देवल, निवृत्त डेप्युटी कलेक्टर. त्यांनी तारेवर सूर मोजले, अब्दुल करीम खाँसाहेबांनी त्यांना या कामात साथ दिली, १९१० साली २२ श्रुतींवर (सप्तकातल्या सूक्ष्म स्वरांवर) पुस्तक निघालं. पुढे क्लेमेंट्स या आयसीएस अधिकाऱ्याबरोबर श्रुती हार्मोनियमही झाली. त्या लोकांना पेटीत जास्तीच्या पट्ट्या घालाव्या लागल्या. माझ्या खोक्याला ते सूर जन्मतः येतात, हे कुणाला तरी सांगायचं होतं.

एका वयस्कर कारागिरांच्या दुकानात बसले. भोपळ्यांच्या रांगा, कच्च्या लाकडाचा वास. छोट्या स्पीकरवर नुसता तानपुरा लावला. चाचा घोडी घासत होते. हात थांबले. बराच वेळ काही बोलले नाहीत.

मग म्हणाले, "सूर चोख आहे, ताई. कुणी लावला?"

मी म्हटलं, "आकड्यांनी लागलाय, चाचा."

"जवारी नाही पण. तुझा आवाज पहिल्यापासून उघडा आहे, आणि मग नुसता बारीक होतो." त्यांनी शेजारचा तानपुरा ओढला, एक तार छेडली. "हे बघ. आधी बंद. मग उघडतो. उघडत उघडत जातो." घोडीवरचा दोरा केसभर सरकवला, तीच तार पुन्हा छेडली, आणि तिच्यातून वरचे सूर एकामागून एक बाहेर पडले.

मी तार ऐकत वहीत लिहीत होते. परत निघताना त्यांनी तो बारीक सुती दोरा मला दिला. का ते विचारलं नाही, टेबलावर खोक्याशेजारी ठेवलाय.

५ जानेवारी २०२५

चाचांचं म्हणणं पूर्ण खरं. मी छेडीच्या क्षणीच १२.५ टक्के लावून मोकळी झाले होते, सगळे हार्मोनिक्स एकदम. आता प्रत्येक छेड ५० टक्क्यांवर, पोकळ, बंद. सहा फ्रेमनंतर २५. आणखी १२ फ्रेमनंतर १२.५, आणि तेव्हा आवाजाची पातळी १५ वरून ९ पर्यंत उतरलेली. तार मावळत जाते आणि मावळता मावळता उघडते. जवारीची खरी मजा, वरचे सूर सलग उतरत येणं, तीन पायऱ्यांत मावत नाही. पण बंद ते उघडी ही चाल कळते.

अदलाबदलीमुळे ५० ते २५ हा टप्पा आधी उलटा लिहिला होता. त्यात एक रात्र गेली.

१४ जानेवारी २०२५, सांगली

संक्रांत. तिळगूळ झाल्यावर बैठकीत खोका मांडला. एक जुनी टीव्ही शेजारून आणली होती, तिच्यावर मी काहीच दाखवत नाही, नुसता निळा पडदा. डावा स्पीकर खिडकीशी, उजवा दाराशी.

तानपुरा सुरू केला. बाबा पेपर वाचत होते. पेपर खाली आला. पाचेक मिनिटांनी उठले, कोपऱ्यातून त्यांचा तानपुरा काढला, गवसणी उतरवली. त्यांची पट्टी काळी दोन, खोका १८ सेंट खाली. मी म्हटलं, "बाबा, याला वर नाही घेता येत, घड्याळ बदलावं लागेल." ते म्हणाले, "मग मी खाली येतो." खुंट्या थोड्या सैल केल्या, मग मणी सरकवत बसले. एकेक तार खोक्याशी मिळत गेली, तशी ती सावकाश लाट लांबत गेली आणि शेवटी ऐकू येईनाशी झाली. कुठला तानपुरा कुठे संपतो ते मला खोलीच्या मधोमध बसून सांगता येईना.

मग खोक्याने आलाप केला, चार मिनिटांचा, मी आकड्यांत लिहिलेला. निषादावरून सुरुवात, सा टाळून रे, मग ग. गंधारावर बाबांनी मान हलवली. तीव्र मध्यमाला मींड टेकली तेव्हा ते स्वतः गुणगुणायला लागले, खोक्याच्या मागे मागे, आणि दुसऱ्या आवर्तनात त्याच्या पुढे. दादा दारात उभा राहून मोबाइलवर रेकॉर्ड करत होता. रेकॉर्डिंगमध्ये मागे पतंग काटणाऱ्या पोरांचा ओरडा आहे, तो मी काढणार नाही.

जेवताना बाबांनी विचारलं, "भैरवाचा रे कुठे ठेवणार?"

पानातच आकडेमोड केली. कोमल रे १६/१५ धरला तर ३६० मध्ये तो ३३७.५ वर येतो. अर्धा ठोका चिप मोजत नाही. सा ७२० केला तर रे ६७५, चोख, पण मग त्रिकोण फारच खाली जातो आणि चौकोनाकडे वळलं की टक् आलंच.

बाबा म्हणाले, "भैरवात तो रे एका जागी उभा कुठे राहतो?"

खरंच की. तो आंदोलित. गंधाराचा कण घेऊन खाली येतो, सा कडे झुकतो, पुन्हा वर जातो. ३३७ आणि ३३८ च्या मधून त्याला फक्त जायचं आहे, थांबायचं नाही. उद्या पुण्याला पोचले की आधी हा तक्ता : ३३० पासून ३४२ पर्यंत, सावकाश, एका हेलकाव्याला ५० फ्रेम धरून बघायचे.